सरकारी कामातलं पेटी ठेक्याचं बिल थकलं तर काय करायचं

सरकारी कामावरच्या पेटी ठेक्याचे, म्हणजे मुख्य ठेकेदाराकडून घेतलेल्या पोटठेक्याचे, पैसे थकले, की माणसं सगळ्यात आधी कार्यकारी अभियंत्याच्या कार्यालयात जाऊन बसतात. ‘साहेब, काम मी केलंय, सगळ्या गावानं बघितलंय, माझं बिल काढा.’ साहेब मनानं कितीही चांगले असले तरी त्यांना तसं करता येत नाही. कार्यारंभ आदेश दुसऱ्याच्या नावावर, करारनामा दुसऱ्याच्या नावावर, तेव्हा बिलही त्याच्याच नावावर निघणार. कायद्यानं तुमचा व्यवहार मुख्य ठेकेदाराशी आहे. खात्यानं त्याला पैसे दिले असोत वा नसोत, तुमचं देणं त्याच्या अंगावर आहे. ही गोष्ट कबूल करायला जड जाते, पण पुढचा सगळा मार्ग तिथूनच सुरू होतो.

मी सांगोला भागात छोट्या ठेकेदारांचे हिशेब, जीएसटी आणि बिलांची कागदपत्रं बघते. गटारी, शाळाखोल्या, पाण्याच्या टाक्या, पाझर तलावांची दुरुस्ती, जलजीवनच्या पाइपलाइनी ही त्यांची कामं. दावा वकीलच चालवतात, पण वकिलांकडे जाणारी फाइल माझ्या टेबलावर तयार होते.

जुलै २०२५ मध्ये सांगली जिल्ह्यातल्या वाळवा तालुक्यातल्या एका तरुण अभियंता ठेकेदारानं आयुष्य संपवलं. जलजीवनच्या कामाचे पैसे अडकले होते, असं बातम्यांत होतं. त्यावर सरकारकडून उत्तर आलं, की त्याच्या नावावर कुठलंही कंत्राट नोंदलेलं नाही, त्यानं पोटठेका घेतला असेल. ते उत्तर वाचून मी सुन्न झाले, कारण माझ्याकडे येणाऱ्या कितीतरी जणांची स्थिती हीच आहे. तेव्हापासून दारात आलेल्या प्रत्येकाला माझा पहिला प्रश्न ठरलेला असतो.

तुमचं नाव कुठल्या कागदावर आहे?

‘लेखी काहीच नाही ताई, सगळं शब्दावर होतं,’ हे उत्तर मी सारखं ऐकते. तोंडी करारही करारच असतो, फक्त तो सिद्ध करायला दुसरे कागद लागतात. ते असतात कुठे, हे माहीत नसतं म्हणून माणूस हात टेकतो.

सर्वात आधी तुमच्या पॅनवरचा फॉर्म २६एएस काढा, म्हणजे तुमच्या नावे कापलेल्या कराचा उतारा. मुख्य ठेकेदारानं तुम्हाला पैसे देताना १९६१ च्या प्राप्तिकर कायद्याच्या कलम १९४सी खाली टीडीएस कापला असेल, तर त्याचं नाव, रक्कम आणि तारीख तिथे दिसते. व्यक्तीला १ टक्का, कंपनी किंवा भागीदारीला २ टक्के, असा हा कर. मंगळवेढा भागातल्या एका गवंडी ठेकेदाराकडे काँक्रीट रस्त्याच्या कामाचा एकही करार नव्हता, आणि समोरचा ‘मी याला ओळखतच नाही’ असं म्हणत होता. २६एएसमध्ये त्याच समोरच्यानं ‘ठेकेदाराला दिलेली रक्कम’ म्हणून कर कापल्याच्या नोंदी निघाल्या. ओळख नसलेल्या माणसाच्या नावावर कोणी टीडीएस भरत नाही. त्यानंतर बोलणं ओळखीवरून हिशेबावर आलं.

दुसरा कागद जीएसटीचा. तुमचं बिल जीएसटीआर-१ मध्ये, म्हणजे तुमच्या विक्रीच्या विवरणपत्रात, गेलं, समोरच्याच्या जीएसटीआर-२बी मध्ये, म्हणजे त्याच्या खरेदीच्या यादीत, उतरलं आणि त्यावर त्यानं इनपुट क्रेडिट, म्हणजे त्या कराची वजावट, घेतलं, तर ते बिल त्याला पोचलं नव्हतं किंवा मान्य नव्हतं असं म्हणणं त्याला अवघड जातं. तिसरा, मुरूम-खडीचे वाहतूक परवाने आणि स्वामित्वधनाच्या, म्हणजे रॉयल्टीच्या, पावत्या. बिलातून रॉयल्टी कापली जाऊ नये म्हणून मुख्य ठेकेदाराला या पावत्या खात्यात जोडाव्या लागतात. त्या तुमच्या नावाच्या असतील, तर माल कुणी आणला हे सरकारी फाइलमध्येच लिहिलेलं असतं. मूळ पावत्या देण्याआधी झेरॉक्स काढून त्यावर ‘मूळ प्रत मिळाली’ अशी सही घ्या. याशिवाय बँकेतल्या जमा नोंदी, ई-वे बिलं, आरएमसीची (तयार काँक्रीटची) चलनं, डिझेलच्या पावत्या, मजुरांचा हजेरीपट, तारीख आणि ठिकाण दाखवणारे साइटचे फोटो. एका फाइलमध्ये तारीखवार लावा. फाइल जाड झाली तरी चालेल, तारखा मागेपुढे नकोत.

व्हॉट्सॲपवरचं बोलणं पुराव्यात चालतं. मात्र १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे त्यासोबत प्रमाणपत्र जोडावं लागतं. ‘मोजमाप झालं का?’, ‘बिल आलं की देतो’, ‘दोन लाख पाठवले’ असे मेसेज त्या फोनमध्ये जसेच्या तसे राहू द्या. फोन बदलायचा असेल तरी जुना विकू नका.

एक कागद मात्र या सगळ्यांहून मोलाचा आहे, आणि तो संबंध बरे असतानाच मिळतो. मुख्य ठेकेदाराच्या लेटरहेडवर चार ओळी: अमुक काम, आजअखेर तुमची एकूण रक्कम इतकी, दिलेली इतकी, देणं बाकी इतकी, खाली सही, शिक्का, तारीख. दिवाळीच्या किंवा मार्चअखेरच्या हिशेबाला बसता तेव्हा हसतखेळत हा कागद करून घ्या. भांडण सुरू झाल्यावर तो कोणी देत नाही.

खात्याच्या फाइलमध्ये काय आहे ते बघा

खातं तुमचं देणेकरी नाही, पण खात्याकडे तुमचा पुरावा आहे. तुम्ही केलेलं काम मोजमाप पुस्तकात, म्हणजे एमबीत, चढलेलं असतं. कोणतं आर. ए. (चालू कामाचं) बिल कधी निघालं, किती कापलं गेलं, अंतिम बिल झालं की नाही, सुरक्षा ठेव किती शिल्लक आहे आणि दोष दायित्व कालावधी, म्हणजे बिघाड ठेकेदारानं दुरुस्त करून द्यायचा काळ, कधी संपतो, हे सगळं विभागीय कार्यालयात लिहिलेलं आहे.

यासाठी माहिती अधिकाराचा अर्ज करा. महाराष्ट्रात शुल्क १० रुपये, कोर्ट फी स्टॅम्प लावला तरी चालतो. प्रतींसाठी पानामागे २ रुपये. राज्याच्या नियमांप्रमाणे अर्ज एकाच विषयाचा आणि साधारण १५० शब्दांत बसणारा हवा, म्हणून त्यात तुमची व्यथा लिहू नका. कामाचं नाव, करारनामा क्रमांक किंवा कार्यारंभ आदेशाचा क्रमांक लिहा, आणि पुढच्या गोष्टींच्या प्रती मागा: संबंधित एमबीची पानं, आजवरच्या सर्व देयकांची प्रत, अदा केल्याच्या तारखा, शिल्लक सुरक्षा ठेव, पोटठेक्याला परवानगी दिली असल्यास ते पत्र. ३० दिवसांत उत्तर यायला हवं. नाही आलं तर त्याच कार्यालयातल्या वरिष्ठाकडे प्रथम अपील, तेही ३० दिवसांच्या आत. ‘त्रयस्थ पक्षाची माहिती’ म्हणून नकार मिळाला तर घाबरू नका. सार्वजनिक पैशातून दिलेलं बिल लपवून ठेवण्यासारखं नसतं, अपिलात बहुतेकदा मिळतं.

ही माहिती कशाला हवी? ‘खात्याकडून पैसे आले नाहीत, आले की देतो,’ हे वाक्य तपासायला. माझ्या अनुभवात हे वाक्य कधी पूर्ण खरं असतं. तेव्हा समोरचाही तुमच्याइतकाच अडचणीत असतो, आणि मग रागाची भाषा सोडून हप्ते ठरवण्यात शहाणपण असतं. पण कधी कधी एमबीच्या प्रती येतात आणि दिसतं, की तुमच्या भागाचं बिल पावसाळ्याआधीच निघून गेलंय. त्या दिवसापासून नोटिशीची भाषा बदलते.

दुसरा उपयोग जास्त मोठा आहे. मुख्य ठेकेदाराचं अंतिम बिल किंवा सुरक्षा ठेव खात्याकडे पडून असेल, तर ती रक्कम तुमच्या वसुलीचा भरवसा आहे. ती एकदा त्याच्या हातात गेली की दुसऱ्या साइटवर, दुसऱ्या कर्जात, मुलाच्या नावावरच्या डंपरमध्ये मुरते. म्हणून तारखा माहीत हव्यात.

एक सावधगिरी. सार्वजनिक बांधकाम खात्याच्या बी-१ नमुन्यातल्या निविदेत पूर्वपरवानगीशिवाय पोटठेका देण्याला मनाई असते. परवानगी नव्हती म्हणून तुमचे कष्ट फुकट गेले, असं होत नाही. तो भंग मुख्य ठेकेदारानं खात्याशी केलेल्या कराराचा आहे, तुमचा-त्याचा आपसातला व्यवहार त्यानं आपोआप रद्द होत नाही. पण समोरचा वकील हा मुद्दा काढणारच, तेव्हा तुमच्या वकिलांना तो पहिल्याच भेटीत सांगून ठेवा. आणि ‘यानं बेकायदा पोटठेका दिला, याला काळ्या यादीत टाका’ असा तक्रार अर्ज रागाच्या भरात करू नका. त्याचं काम बंद पडलं तर तुमचे पैसे जिथून यायचे तो झराच आटतो. कार्यकारी अभियंत्यांना साधं पत्र द्यायला मात्र हरकत नाही: या कामाचा अमुक भाग आम्ही केला आहे, इतकी रक्कम येणं आहे, कृपया नोंद घ्यावी. विभागीय लेखापालांना प्रत, आणि पोच घ्या. हे पत्र खात्याला बांधील करत नाही, पण फाइलला लागतं, आणि मुख्य ठेकेदाराचा फोन बहुतेकदा त्यानंतरच येतो.

तीन वर्षांचं घड्याळ

मला सगळ्यात जास्त हळहळ वाटते ती इथे. केलेल्या कामाच्या पैशांसाठी दावा लावायची मुदत तीन वर्षं आहे. पैसे कधी द्यायचे हे ठरलं नसेल, तर काम पूर्ण झाल्या तारखेपासून ती मोजतात. ‘आज देतो, उद्या देतो’ यात माणूस ही तीन वर्षं घालवतो, आणि मग खरा हक्कही कोर्टात उभा राहत नाही.

मुदत नव्यानं सुरू होते ती दोन गोष्टींनी. एक, मुदत संपायच्या आत समोरच्यानं लेखी आणि सहीनिशी देणं मान्य केलं तर. वर सांगितलेल्या चार ओळींच्या कागदाचं मोल यासाठीच. दोन, मुदतीच्या आत त्यानं काही रक्कम दिली आणि ती दिल्याची त्याच्या हातची किंवा सहीची नोंद असली तर. चेकनं दिलेली रक्कम इथे उपयोगी पडते, रोखीनं हातात ठेवलेले वीस हजार नाही. फोनवरचं आश्वासन आणि लग्नाच्या मांडवात दिलेला शब्द यांनी एक दिवसही वाढत नाही.

तुमच्या प्रत्येक कामासमोर डायरीत दोन तारखा लिहा: काम संपल्याची, आणि त्यापुढे अडीच वर्षांची. दुसरी तारीख येईपर्यंत पैसे आले नाहीत तर त्या आठवड्यात वकिलांकडे जायचं.

नोटीस

वकिलामार्फत पाठवा, स्पीड पोस्टानं पोचपावतीसह, आणि ईमेलवरही. नोटिशीत शिव्याशाप नकोत, तक्ता हवा: काम, मोजमाप, दर, एकूण, मिळालेली रक्कम, बाकी. व्याजाची मागणी स्पष्ट लिहा. व्याजाचा करार नसेल तर १९७८ च्या व्याज कायद्याप्रमाणे व्याज मागणाऱ्या लेखी नोटिशीच्या तारखेपासून ते धरता येतं. नोटीस सहा महिने लांबवली तर तेवढं व्याज गेलं.

नोटीस कुणाच्या नावे पाठवायची हेही बघा. मालकी पेढी असेल तर मालक स्वतः जबाबदार. कंपनी असेल तर कंपनी, संचालकाच्या घरावर थेट हात टाकता येत नाही. दोन कंपन्यांचं संयुक्त उपक्रमातलं काम असेल तर दोघींनाही पाठवा. तुमच्याकडून कोण, हाही प्रश्न आहे. मेहुणा आणि तुम्ही मिळून भागीदारीत काम करता, पण फर्म नोंदलेली नाही? भागीदारी कायद्याच्या कलम ६९ मुळे नोंद नसलेल्या फर्मला करारावरून दावा लावता येत नाही. आधी फर्म नोंदवा, मग दावा.

उद्यम नोंदणी असेल तर

उद्यम म्हणजे सरकारकडची सूक्ष्म, लघू आणि मध्यम उद्योगांची नोंदणी. ती असेल तर एमएसएमई कायदा २००६ हा छोट्या माणसाच्या हातातला सगळ्यात धारदार कायदा आहे. सूक्ष्म किंवा लघू उद्योगाला पैसे देण्याची मुदत करारात काहीही लिहिली तरी ४५ दिवसांपलीकडे जात नाही. करारच नसेल तर माल किंवा सेवा स्वीकारल्यापासून १५ दिवस. उशीर झाला तर रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट दरानं, दरमहा चक्रवाढ व्याज. बँक रेट ६ टक्के धरला तर व्याज १८ टक्के झालं, तेही चक्रवाढीनं. ‘खात्याकडून आले की देतो’ हे कलम करारात असलं तरी ते या ४५ दिवसांना ओलांडू शकत नाही.

तक्रार एमएसएमई खात्याच्या ऑनलाइन पोर्टलवर करायची, ती विभागाच्या सुविधा परिषदेकडे, म्हणजे असे वाद सोडवणाऱ्या सरकारी मंडळाकडे, जाते. परिषद तुमच्या बाजूची, म्हणजे पुरवठादार जिथे आहे तिथली. मुख्य ठेकेदाराची कंपनी मुंबईची असो वा हैदराबादची, सोलापूर जिल्ह्यातल्या माणसासाठी तिला पुणे विभागाच्या परिषदेपुढे यावं लागतं. आधी समेटाचा प्रयत्न होतो, तो फसला तर लवाद. कायद्यात ९० दिवसांत निकाल लावा असं आहे. प्रत्यक्षात जास्त वेळ जातो, हे आधीच धरून चाला. निकाल तुमच्या बाजूनं लागला आणि समोरच्याला तो कोर्टात आव्हान द्यायचा असेल, तर निवाड्याच्या रकमेतले ७५ टक्के आधी भरावे लागतात. या एका अटीमुळे बरीच प्रकरणं तडजोडीला येतात.

पण दोन खाचखळगे आहेत, आणि त्यांत अनेक जण पडतात.

पहिला: माल आणि मजुरी मिळून एकच ठेका, म्हणजे वर्क्स कॉन्ट्रॅक्ट, या कायद्याखाली येत नाही, असं मुंबई उच्च न्यायालयानं एकाहून जास्त निकालांत म्हटलं आहे. त्यामुळे ‘टाकीचं पूर्ण काम, मालासकट’ असा ठेका घेतला असेल तर परिषदेत अर्ज फेटाळला जाण्याचा धोका खरा आहे. उलट क्रशरवाल्यानं फक्त खडी दिली, कुणी फक्त जेसीबी-पोकलेन भाड्यानं दिलं, कुणी फक्त मजुरीनं सेंटरिंग केलं, तर तो सरळ पुरवठा किंवा सेवा आहे. हा फरक काम घेतानाच लक्षात ठेवला, तर मालाचं बिल वेगळं आणि मजुरीचं वेगळं, दोन स्वतंत्र ऑर्डरींवर करता येतं. निव्वळ व्यापाऱ्यांना, म्हणजे आणून विकणाऱ्यांना, उद्यम नोंदणी मिळते, पण उशिरा मिळालेल्या पैशांबद्दलच्या या तरतुदींचा लाभ त्यांना नाही.

दुसरा: नोंदणीची तारीख. नोंदणीच्या आधीच्या व्यवहाराला लाभ मिळत नाही, अशी सर्वोच्च न्यायालयाची भूमिका २०२१ आणि २०२२ च्या निकालांत होती. जानेवारी २०२५ मध्ये दुसऱ्या पीठानं त्याबद्दल वेगळं मत मांडून प्रश्न मोठ्या पीठाकडे पाठवला. या वादात आपण कशाला अडकायचं? उद्यम नोंदणीला एक रुपया लागत नाही, आधार आणि पॅन पुरतं. आज करा, आणि नंबर प्रत्येक बिलाच्या माथ्यावर छापा.

करातून येणारा दाबही वापरा. सूक्ष्म-लघू उद्योगाचं बिल ठरल्या मुदतीत दिलं नाही, तर त्या खर्चाची वजावट मुख्य ठेकेदाराला प्रत्यक्ष पैसे दिल्याच्या वर्षीच मिळते, आधी नाही. प्राप्तिकरातलं कलम ४३बी(एच) म्हणून हे गाजलं, १ एप्रिल २०२४ पासून ते लागू झालं. जीएसटीतही तसंच आहे: बिलाच्या तारखेपासून १८० दिवसांत तुम्हाला पैसे दिले नाहीत, तर त्यानं घेतलेलं इनपुट क्रेडिट व्याजासह परत करावं लागतं. फेब्रुवारीत या दोन्ही गोष्टींची आठवण करून देणारा सभ्य ईमेल त्याला आणि त्याच्या अकाउंटंटला पाठवा. माझ्या टेबलावरून गेलेल्या वकिली नोटिशींपेक्षा या ईमेलांनी जास्त वेळा काम केलं आहे, कारण तिकडचा अकाउंटंट स्वतःच मालकाला सांगतो, ‘हे देऊन टाका.’

दावा, लवाद, आणि खात्यातली रक्कम रोखणं

परिषदेचा मार्ग बंद असेल तर कोर्ट. रक्कम ३ लाख किंवा त्याहून जास्त असेल तर बांधकामाचा वाद व्यापारी न्यायालयात जातो, आणि तिथे दावा लावायच्या आधी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात मध्यस्थीचा अर्ज करावाच लागतो. ही पायरी टाळलेला दावा फेटाळला जातो, हे सर्वोच्च न्यायालयानं २०२२ मध्ये पक्कं केलं. तातडीचा मनाई हुकूम मागायचा असेल तेवढी सूट. मध्यस्थीत गेलेला काळ तीन वर्षांच्या मुदतीत धरत नाहीत, म्हणून घाबरायचं कारण नाही. समोरचा आलाच नाही तर तसा अहवाल मिळतो आणि तुम्ही पुढे जाता. आला, आणि तिथे लेखी तडजोड झाली, तर तिला लवादाच्या निवाड्याइतकं बळ असतं. मला ही पायरी आवडते. कितीतरी जण दोन वर्षांनी समोरासमोर बसतात ते तिथेच.

लेखी करार असेल आणि रक्कम निश्चित असेल, म्हणजे सही झालेलं बिल किंवा बाकीचा कागद असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३७ खाली समरी दावा लावता येतो का, हे वकिलांना विचारा. त्यात समोरच्याला बचाव करण्यासाठी आधी कोर्टाची परवानगी मागावी लागते, आणि कोर्ट रक्कम भरण्याची अट घालू शकतं. करारात लवादाचं कलम असेल तर मात्र दाव्याऐवजी लवाद. मुख्य ठेकेदारानं ‘आमचेच सल्लागार लवाद राहतील’ असं लिहून ठेवलं असलं, तरी निकालात हितसंबंध असलेल्यानं एकतर्फी नेमलेला लवाद चालत नाही, असं सर्वोच्च न्यायालय २०१९ पासून सांगत आलं आहे.

आता खात्यातल्या रकमेकडे. तुमचा निकाल लागेपर्यंत अंतिम बिल आणि ठेव निघून जाऊ नये म्हणून निकालपूर्व जप्ती मागता येते, आदेश ३८ नियम ५ खाली. पण कोर्ट ती सहज देत नाही. समोरचा मालमत्ता विकतोय, लपवतोय, निकाल निरुपयोगी करायचा त्याचा बेत आहे, हे कागदानिशी दाखवावं लागतं. त्यानं यंत्रसामग्री विकायला काढलेली जाहिरात, इतर पेटी ठेकेदारांच्या नोटिसा, न वटलेले चेक, आणि माहिती अधिकारातून मिळालेली ‘ठेव अमुक महिन्यात परत देय’ ही नोंद, हे सगळं इथे लागतं. लवादाचं कलम असेल तर लवाद कायद्याच्या कलम ९ खाली हेच संरक्षण मागता येतं, आणि तिथे कोर्टाचा हात जरा मोकळा असतो. निकाल किंवा निवाडा हातात आल्यावर गोष्ट सोपी होते. खातं ठेकेदाराला जे देणं लागतं, ते कोर्टामार्फत थेट जप्त करून तुमच्याकडे वळवता येतं. तेव्हा खातं पहिल्यांदा तुमच्या उपयोगी पडतं, तेही कोर्टाचा हुकूम पोचल्यावर.

खात्यालाच दाव्यात पक्षकार करायचं असेल तर दिवाणी संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस आधी द्यावी लागते. उगीच पक्षकार करू नका. खात्यानं तुमच्याशी थेट लेखी व्यवहार केला असेल, तुम्हाला थेट पैसे द्यायचं मान्य केलं असेल, तरच त्याला अर्थ आहे.

चेक

मुख्य ठेकेदारानं चेक दिला असेल आणि तो परत आला, तर परक्राम्य संलेख कायद्याचं कलम १३८ बाकी सगळ्यांपेक्षा वेगानं हलवतं. चेकचं आयुष्य तारखेपासून तीन महिने. बँकेचा मेमो मिळाल्यापासून ३० दिवसांत लेखी नोटीस. ती मिळाल्यापासून त्याला १५ दिवसांची सवलत. ती संपली की एका महिन्यात फौजदारी तक्रार, तुमचं खातं ज्या शाखेत आहे तिथल्या कोर्टात. एकही तारीख चुकवू नका. शिक्षा दोन वर्षांपर्यंत किंवा चेकच्या दुपटीपर्यंत दंड, आणि खटला चालू असताना २० टक्क्यांपर्यंत अंतरिम भरपाईही कोर्ट देऊ शकतं.

कामाच्या सुरुवातीला ‘सिक्युरिटी’ म्हणून घेतलेला चेकही चालतो, वटवायला टाकला त्या दिवशी तेवढं देणं खरोखर झालेलं असेल तर. दहा लाखांचा चेक आहे आणि मधल्या काळात चार लाख आले, तर तो दहाचाच म्हणून टाकू नका. मिळालेल्या रकमेची नोंद चेकवर करून उरलेल्याचीच मागणी करा, नाहीतर नोटीसच बाद ठरते. सर्वोच्च न्यायालयाचा २०२२ चा निकाल आहे यावर.

दिवाळखोरी कायदा आणि पोलीस, याबद्दल थोडक्यात. मुख्य ठेकेदार कंपनी असेल आणि थकबाकी १ कोटी किंवा त्याहून जास्त असेल, तरच राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणाचा मार्ग उघडतो, आणि आधीपासून बिलाबद्दल लेखी वाद असेल तर तिथे अर्ज टिकत नाही. पोलिसांत ‘फसवणूक’ म्हणून जाण्याचा सल्ला गावात प्रत्येक जण देतो. पैसे न देणं म्हणजे आपोआप फसवणूक होत नाही. सुरुवातीपासूनच खोटेपणा होता, म्हणजे खोटा कार्यारंभ आदेश दाखवला किंवा तुमची खोटी सही केली, असं काही असेल तर जरूर जा. नसेल तर तिथे घालवलेले महिने त्या तीन वर्षांतूनच वजा होतात.

मजुरांचे पैसे

तुमचे अडकले म्हणून तुमच्या मजुरांचे अडकवू नका. पण तुमच्याकडेच नसतील तर त्यांना हेही सांगा, की कायद्यानं त्यांची मजुरी तुमच्या बिलासारखी उघड्यावर सोडलेली नाही. ठेकेदारानं मजुरी दिली नाही तर मुख्य नियोक्त्यानं, म्हणजे ज्यानं ठेकेदाराकडून काम करून घेतलं त्यानं, ती द्यायची आणि ठेकेदाराकडून वसूल करायची, ही तरतूद १९७० च्या कंत्राटी कामगार कायद्यात होती, आणि २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या नव्या कामगार संहितांतही आहे. ५० किंवा जास्त कंत्राटी कामगार असलेल्या ठेकेदाराला ती लागू होते, आणि ठेकेदाराच्या सुरक्षा ठेवीतून मजुरी द्यायचा आदेशही सरकार काढू शकतं. माणसं कमी असतील तर वेतन संहितेखाली तीन वर्षांच्या आत मजुरीचा दावा करता येतो. दोन्हीकडे लागतो तो हजेरीपट, नाव-अंगठ्यासकट. तो तुम्ही ठेवला नसेल तर मजुरांचा हक्क तुमच्यामुळे बुडतो.

पुढचं काम घेताना

पोटठेक्याचा करार स्टॅम्पवर करा. स्टॅम्प नसलेला किंवा कमी असलेला कागद कोर्टात आधी दंड भरायला लावतो. करारात कामाचं खात्यातलं पूर्ण नाव, कार्यारंभ आदेशाचा क्रमांक, दर, मोजमाप कुणी आणि कधी करायचं, बिल दिल्यापासून किती दिवसांत पैसे, उशीर झाल्यास व्याज किती, हे लिहा. ‘खात्याकडून आल्यावर’ हे शब्द तो घालणारच असेल, तर पुढे जोडून घ्या: ‘किंवा मोजमापापासून ४५ दिवसांत, जे आधी होईल ते.’

काम मोठं असेल तर खात्याची पोटठेक्याची लेखी परवानगी मागा. ती मिळत नसेल तर दुसरी सोय अशी, की मुख्य ठेकेदार आणि तुम्ही त्या कामापुरतं संयुक्त सहीचं बँक खातं उघडता, त्या कामाची बिलं त्याच खात्यात जमा व्हावीत असं पत्र तो खात्याला देतो, आणि तुमचा हिस्सा तिथूनच वळतो. नुसतं मुखत्यारपत्र घेऊन समाधान मानू नका, ते तो कधीही रद्द करायला बघेल. मुखत्यारपत्र घ्यायचंच असेल, तर या कामात तुमचा पैसा आणि हितसंबंध गुंतला आहे म्हणून ते दिलं आहे, हे त्यातच लिहून घ्या. तसं असेल तर करार कायद्याचं कलम २०२ तुमच्या बाजूनं उभं राहतं, आणि ते मध्येच काढून घेणं त्याला सोपं जात नाही. हा मजकूर मात्र वकिलांकडूनच लिहून घ्या, टायपिंगवाल्याकडच्या तयार नमुन्यावर सही करू नका.

आणि प्रत्येक आर. ए. बिलाच्या वेळी शाखा अभियंता मोजायला येतील, त्या दिवशी साइटवर स्वतः हजर राहा. तुमच्या भागाची मापं तुमच्या वहीत उतरवून घ्या, संध्याकाळी तीच मापं मुख्य ठेकेदाराला व्हॉट्सॲपवर पाठवा, ‘आजची मोजणी, चूक असल्यास कळवा’ एवढंच लिहून.